भर दुपारी बदललेली फायरवॉल

तुम्ही खोटं बोलता. मुख्यालयात बसून परिपत्रकं काढणाऱ्यांनो, तुम्हालाच म्हणतेय. संगणकाची सगळी मोठी कामं रात्रीच करायची, का, तर म्हणे रुग्णांना त्रास नको. रुग्णांचं नाव कशाला पुढे करता? रात्री काही बिघडलं तर ते निस्तरताना कोणी बघत नाही आणि सकाळी तुम्ही खुर्चीत बसेपर्यंत तुमच्या स्क्रीनवर सगळं हिरवं झालेलं असतं, म्हणून तुम्हाला रात्र आवडते. जागायला दुसरा असतोच. आमच्या घरात तो माझा धाकटा दीर आहे.

त्याच्याकडे तुम्ही खुलासा मागितलात. त्याने दिला. सभ्य माणूस आहे, सभ्य भाषेत दिला, त्यामुळे त्यात काहीच कळत नाही. मी सभ्य लिहीत नाही आणि मी तिथे होते. तेव्हा माझ्याकडून ऐका.

डोळ्यांच्या या दवाखान्याचा संगणक विभाग म्हणजे मी. मी, एक टेबल आणि सर्व्हरच्या खोलीची किल्ली. दीर तुमच्या नेटवर्कच्या टोळीत. एका शाखेतून दुसऱ्या शाखेत रात्री-अपरात्री पाठवायला तुम्ही जी माणसं ठेवली आहेत, त्यातला एक. तो पहिल्यांदा आमच्याकडे कामाला आला तेव्हा मी सवयीने त्याला कॉरिडॉरमध्ये हाक मारली, "भाऊजी, इकडून या." झालं. तेव्हापासून अख्खा दवाखाना त्याला भाऊजी म्हणतो. रिसेप्शनवरची बाई, जिला तिच्या आवाजामुळे सगळे भोंगा म्हणतात, ती म्हणते. ऑपरेशन थिएटरमधल्या सिस्टर म्हणतात. त्याच्या वडिलांच्या वयाचे मोठे डॉक्टर, ज्यांच्या हातात हा दवाखाना आहे, तेसुद्धा म्हणतात, "भाऊजी, आमचं नेट आज मंद आहे हो." तो बिचारा लाजून लाल होतो आणि नेट बघायला जातो.

आमची फायरवॉल म्हातारी झाली होती. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते: फायरवॉल म्हणजे बाहेरचं इंटरनेट आणि आतली मशीनं यांच्या मधला दारवान. कोणी आत यायचं, कोणी बाहेर जायचं, आतल्यांपैकी कोणी कोणाकडे जायचं, हे तो ठरवतो. पूर्वी ती लोखंडी पेटी असायची. आता पेटी नसते. एका दणकट सर्व्हरवर हायपरवायझर नावाचा प्रोग्राम असतो, त्याला घरमालक समजा. तो एकाच घरात अनेक भाडेकरू ठेवतो. एका खोलीत रुग्णांची नोंद, एका खोलीत औषधांचा साठा, एका खोलीत डोळ्यांचे फोटो, आणि एका खोलीत हा दारवान. प्रत्येक भाडेकरूला वाटतं, आपण स्वतंत्र मशीन आहोत. सगळे राहतात एकाच लोखंडात.

तर या दारवानाचं व्हर्जन जुनं होतं आणि ते बनवणारी कंपनी आता त्याच्यातली भोकं बुजवून देणार नव्हती. बदलणं भाग होतं. तुमचा हुकूम आला: शनिवारी रात्री, लांबून, मुख्यालयातून.

लांबून म्हटल्यावर मी सावध झाले. मागच्या खेपेला तुमच्या टोळीने लांबूनच जुनी फायरवॉल बंद केली होती, आणि बंद केल्यावर त्यांच्या लक्षात आलं की आपण हायपरवायझरपर्यंत त्याच फायरवॉलमधून पोचत होतो. म्हणजे शिडीवर चढून शिडीच काढून घेतली. चालू करायचं बटण आत, हे बाहेर. सकाळी मी येऊन किल्ली लावीपर्यंत दवाखाना आंधळा. डोळ्यांचा दवाखाना, वर आंधळा. डोळ्याला पट्टी बांधलेली माणसं बाकावर बसून होती आणि सिस्टर कोऱ्या कागदावर हाताने नावं लिहून घेत होत्या.

त्या शनिवारच्या आधीच्या रविवारी भाऊजी घरी आले होते, तेव्हा मी विषय काढला. आले होते म्हणजे येऊन सोफ्यावर झोपले होते. शेजारी त्यांची मुलगी पायाच्या चवड्यांवर चालत होती. त्यांच्या घरात सगळ्यांनाच तसं चालायची सवय आहे. जाऊ म्हणजे त्यांची बायको, ती कपबशीसुद्धा आवाज न करता ठेवते. पाहुणे आले की आधी सांगते, हळू बोला, हे झोपलेत. दुपारी बारा वाजता.

जागे झाल्यावर मी विचारलं, "भाऊजी, हे काम रात्रीच का करायचं?"

"वहिनी, तसं परिपत्रक आहे."

"परिपत्रक आहे हे कळलं. का करायचं?"

ते उठून बसले. मग म्हणाले, "रात्री वापर कमी असतो."

"वापरणारंच कोणी नसतं. मग चालतंय की नाही हे सांगणार कोण?"

"आमची स्क्रीन सांगते ना. हिरवं-लाल."

सासूबाई आतून म्हणाल्या, "त्या स्क्रीनशी लग्न लावलं असतं तर बरं झालं असतं. ही पोरगी तरी सुटली असती." जाऊ हसली नाही. भाऊजीही हसले नाहीत. त्या दिवशी भाऊजी परत झोपले नाहीत.

आमच्या दवाखान्यात दुपारी एक मोकळा वेळ असतो. सकाळची ऑपरेशनं संपलेली, संध्याकाळची तपासणी सुरू व्हायची. माणसं असतात, घाई नसते. मी मोठ्या डॉक्टरांकडे गेले आणि सरळ सांगितलं, फायरवॉल मला त्या वेळात बदलायची आहे, सगळे आपापल्या जागी असताना, भाऊजी इथे हजर असताना. त्यांनी विचारलं, "बिघडलं तर?" मी म्हटलं, "बिघडलं तर जुनी परत चालू करू, ती खोडायची नाहीच, नुसती झोपवायची." ते म्हणाले, "मीसुद्धा ऑपरेशन उजेडातच करतो. करा." त्यांनी सहीनिशी परवानगी दिली. ती तुमच्याकडे पाठवली होती. तुम्ही ती वाचली नाही की वाचून बाजूला ठेवली, ते तुमचं तुम्हालाच ठाऊक.

भाऊजींनी आधी नवी फायरवॉल जुनीच्या शेजारी वसवली. घरमालकाला सांगितलं, आणखी एक खोली दे, एवढा प्रोसेसर, एवढी मेमरी. कंपनीची तयार फाइल त्यात ओतली, पहिल्यांदा चालू केली, पासवर्ड बदलला. आणि आमचा लॅपटॉप वेगळ्या केबलने थेट सर्व्हरला लावला, फायरवॉलच्या वाटेला न जाता. शिडी आपल्याच हातात. मग जुनीच्या सगळ्या सेटिंग नवीत आणल्या.

त्यात एक किचकट गोष्ट असते. फायरवॉलला अनेक नेटवर्क कार्डं असतात. एक इंटरनेटकडे, एक सर्व्हरकडे, एक प्रिंटरकडे, एक कर्मचाऱ्यांच्या वाय-फायकडे, एक रुग्णांच्या आणि नातेवाइकांच्या वाय-फायकडे. खरी कार्डं नाहीत, हायपरवायझरने मानलेली. घरमालक ती एका क्रमाने मोजतो आणि फायरवॉल आतून भलत्याच क्रमाने मोजते. घरमालकाचं तिसरं ते हिचं पाचवं. नुसत्या आकड्यांवर विसंबलात तर इंटरनेटची तार थेट प्रिंटरच्या गळ्यात. म्हणून आम्ही दोघांनी एकेका कार्डाचा पत्ता शेवटच्या अक्षरांपर्यंत मोठ्याने वाचून जुळवला. मी वाचायचं, त्यांनी "हां" म्हणायचं. पुन्हा उलट. त्यांनी वाचायचं, मी "हां".

"वहिनी, तुम्ही हां म्हणताना माझ्याकडे संशयाने बघता."

"बघणारच. तुम्ही लहानपणी दोन्ही पायांत वेगवेगळे मोजे घालून लग्नाला गेला होतात, सासूबाईंनी सांगितलंय."

"ते दादाचे होते."

कार्डं बरोबर जुळली. एकही चुकलं नाही. त्याचा आम्हाला इतका आनंद झाला की आम्ही पुढचं नीट बघितलंच नाही. त्यावर येतेच.

दुपारी भोंग्याने माइक हातात घेतला. "थोडा वेळ संगणक बंद राहतील. कोणी घाबरू नये. भाऊजी आले आहेत." बाकावरच्या रुग्णांना वाटलं, कोणी मोठे डॉक्टर आलेत. दोघं उठून उभे राहिले.

मी प्रत्येक ठिकाणी एकेक माणूस नेमलं होतं. औषधांच्या खिडकीवर औषधवाले, फोटोच्या मशीनवर तंत्रज्ञ, नोंदीच्या खोलीत कारकून, थिएटरमध्ये टॅब घेऊन सिस्टर. ठरलं होतं: आपलं चालू झालं की दारात येऊन सांगायचं, "लागलं." फोन नाही, मेसेज नाही, कारण दवाखान्यातले फोनही त्याच नेटवर चालतात.

भाऊजींनी जुनी फायरवॉल झोपवली. नवीची कार्डं जोडली. सर्व्हरच्या खोलीतल्या पंख्यांचा आवाज तेवढाच. मी दारात उभी.

"लागलं," औषधवाले.

"माझं पण लागलं," तंत्रज्ञ. "आधीपेक्षा लवकर उघडतंय. हे असंच राहू द्या."

सिस्टर टॅब उंच धरून आल्या. "लागलं हो भाऊजी. चहा सांगू का?"

नोंदीच्या खोलीतून कारकून म्हणाला, "लागलं." तो जरा उशिरा म्हणाला, कारण त्याला प्रत्येक गोष्ट दोनदा करून बघायची सवय आहे.

मुख्यालयातून भाऊजींच्या मोबाईलवर त्यांच्या सहकाऱ्याचा फोन आला. त्याला भाऊजींनी आधी सांगून ठेवलं होतं. "अरे, सगळं हिरवं दिसतंय इथे. भर दुपारी. तू आहेस तरी कोण? आवर आणि घरी जा."

चहा आला. भाऊजींनी खुर्ची मागे सरकवली आणि पाय लांब केले. दिवसाउजेडी चहा पिताना मी त्यांना कितीतरी दिवसांनी बघत होते. खरंच बरं वाटलं.

तेवढ्यात कारकून हातात कागद घेऊन आला. कागदावर रंगीत मांजर. गुबगुबीत, खुर्चीवर पसरलेलं, कॅमेऱ्याकडे तुच्छतेने बघणारं.

"हे कोणी छापलं?" तो म्हणाला. "माझ्या प्रिंटरवर आलं. मी दिलेलं नाही. तुमची चाचणी आहे का?"

भाऊजींनी कप खाली ठेवला. "मांजराची चाचणी मी करत नाही."

बाहेर भोंग्याचा आवाज येत होता. एका आजोबांना ती समजावत होती, आजोबांच्या एका डोळ्यावर पट्टी. आजोबा म्हणत होते, "अहो बाई, नातीला मांजराचा फोटो पाठवत होतो, तर हा मोबाईल विचारतो छापायचा का. मी म्हटलं छाप. दवाखान्यात एवढी सोय केलीत, पैसे कुठे द्यायचे ते तरी सांगा."

मी भाऊजींकडे बघितलं. त्यांचा चेहरा पांढरा. आजोबा बसले होते रुग्णांच्या वाय-फायवर. त्या वाय-फायला फक्त इंटरनेट मिळायला हवं. प्रिंटर दिसणंच चूक. आणि प्रिंटर दिसतोय म्हणजे आणखी काय काय दिसत असेल.

भाऊजी लॅपटॉपवर वाकले. मिनिटाभरात त्यांनी डोक्याला हात लावला. नव्या व्हर्जनमध्ये प्रत्येक कार्डाला एका गटात टाकावं लागतं. जुन्यात गट नव्हते. सेटिंग आणताना नवीने आपल्याच मनाने ठरवलं, इंटरनेटचं कार्ड बाहेरचं आणि बाकी सगळी 'आतली'. आणि आतल्यांना एकमेकांकडे मोकळं जाता येतं. त्यामुळे बाकावर बसलेला कोणीही माणूस घरचाच झाला. चपला बाहेर काढून नाही, चपलांसकट आत.

"आपण कार्डं बघितली," ते म्हणाले, "गट नाही बघितला."

"सगळ्यांनी लागलं म्हटलं," मी म्हणाले.

"तेच तर. जे लागायला हवं ते लागलंय का, एवढंच विचारलं आपण. जे लागायला नको ते कोणाला विचारलं?"

त्या क्षणी मला तुमची हिरवी स्क्रीन आठवली. तीही एवढंच विचारते. चालू आहे का? चालू आहे. हिरवं. दार सताड उघडं असलं तरी दारवान जागा आहे ना, मग हिरवं.

भाऊजींनी रुग्णांचं वाय-फाय 'आतले' गटातून काढलं, त्याचा वेगळा गट केला, त्याला बाहेर जायची परवानगी ठेवली आणि आत यायची बंद केली. मी आजोबांकडे धावले. "आजोबा, जरा पुन्हा छापून बघता का?"

"आता कशाला? एक आलं ना."

"बघा तर."

त्यांनी बोटाने टिचक्या मारल्या. चांगला डोळा बारीक केला. "नाही येत. प्रिंटरच दिसत नाही."

"नाही येत," मी वळून ओरडले.

"नाही येत," भोंग्याने माइकवर जाहीर केलं, आणि सर्व्हरच्या खोलीतून भाऊजींचा हसण्याचा आवाज आला. थिएटरच्या दारातल्या सिस्टर हसल्या, औषधवाले हसले. आजोबा एकटे चिडले. "अहो, माझं बंद पडलं आणि तुम्ही हसता काय?" मग मी त्यांना मांजराचा तो कागद दिला. घडी न घालता त्यांनी तो पिशवीत ठेवला.

नंतर आम्ही हातात मोबाईल घेऊन दवाखानाभर फिरलो. रुग्णांच्या वाय-फायवरून नोंदी उघडतात का, नाही. औषधांचा साठा, नाही. डोळ्यांचे फोटो, नाही. प्रत्येक 'नाही'ला भाऊजी मान डोलावत होते. मधल्या वेळात त्या वाय-फायवर आजोबांखेरीज कोण होतं तेही तपासलं. एक बाई सिनेमाचं गाणं ऐकत होत्या आणि एक मुलगा खेळ खेळत होता, दोघांच्याही मोबाईलने आतल्या कुठल्याच मशीनला हात लावला नव्हता. हे सगळं भाऊजींनी तिथल्या तिथे लिहून तुम्हाला पाठवलं. मांजरासकट. मी म्हटलं, मांजर कशाला लिहिता, ते हसतील. ते म्हणाले, "वहिनी, चूक सापडली कशी हे नाही लिहिलं तर पुढच्याला कशी सापडणार?"

संध्याकाळचे रुग्ण आले. कोणाला काही कळलं नाही. भाऊजींनी जुनी फायरवॉल झोपलेलीच ठेवली, नवीला दोन दिवस नीट बघितल्यावर खोडू म्हणाले, आणि आम्ही दोघं माझ्या घरी आलो. जाऊ आणि मुलगी आधीच आल्या होत्या. दार मुलीने उघडलं. ती म्हणाली, "बाबा, तुम्हाला कामावरून काढलं का?"

"का गं?"

"अजून उजेड आहे."

जाऊ स्वयंपाकघरात होती. तिने हातातलं पातेलं ओट्यावर ठेवलं, दणकन. मुद्दाम नव्हे, सवय सुटल्यासारखं. कोणी तिला हळू म्हणालं नाही. मग सासूबाईंनी टीव्ही मोठ्या आवाजात लावला आणि माझ्या नवऱ्याने त्यांच्याशी भांडण काढलं, आणि भाऊजी त्या गोंगाटात बसून जेवले. दोन वेळा वाढून घेतलं. जाऊ म्हणाली, "हळू खा, आता कुठे पळायचंय?" मी या घरात इतकी वर्षं आहे, पण त्या सगळ्यांना एकाच वेळी मोठ्याने बोलताना मी त्या संध्याकाळी पहिल्यांदा ऐकलं.

पुढचे काही आठवडे तसेच गेले. भाऊजींनी आणखी दोन शाखांच्या डॉक्टरांना विचारून तिथलीही कामं दुपारी केली. रुग्णांचं वाय-फाय आधीच वेगळ्या गटात घालून, आणि 'नाही येत' म्हणायला एक माणूस नेमून. जाऊच्या डोळ्यांखालची काळी वर्तुळं गेली. मुलगी आता टाचा टेकवून चालते, धाडधाड. खालचे शेजारी तक्रार करतात. आम्हाला तीही गोड लागते.

मग तुमचं पत्र आलं. मंजूर वेळेबाहेर काम का केलं, खुलासा करा. दिवसा काम केल्याने रुग्णांचं वाय-फाय आतल्या यंत्रणेला जोडलं गेलं, ही गंभीर घटना आहे. म्हणजे भाऊजींनी प्रामाणिकपणे लिहिलेली चूक तुम्ही त्यांच्याच गळ्यात बांधलीत, आणि ती दिवसामुळे झाली असं म्हणालात. आणि पुन्हा रात्रपाळी. कायमची.

चूक दिवसामुळे झाली नाही. चूक त्या व्हर्जनच्या सवयीमुळे झाली, ती रात्री झाली असती तरी तश्शीच झाली असती. दिवसामुळे ती सापडली. बाकावर माणूस होता म्हणून सापडली. रात्री बाकावर कोणी नसतं. रात्री तुमची स्क्रीन असते.

भाऊजी म्हणतात, वहिनी, जाऊ द्या, चिडू नका, ते वाचणार पण नाहीत. ते खरंच चिडलेले नाहीत. उलट काल मला म्हणाले, निदान त्या दुपारी कळलं की हे काम असंही होतं. मी मात्र चिडलेय, आणि मला तुमच्याकडून उत्तर हवंय. खुलासा तुम्ही करा.

आमच्या आधी, त्या दोन शाखा सोडून, बाकीच्या सगळ्या शाखांमध्ये हेच व्हर्जन तुम्ही रात्री चढवलंत. सगळीकडे हिरवं आहे, मला माहीत आहे. त्या शाखांमध्ये बाकावर बसलेला माणूस आत्ता, या क्षणी, आत आहे की बाहेर? कोणी बघितलंय? बघितलं असेल तर कोणी बघितलं ते सांगा. आणि बघितलं नसेल, तर रात्रपाळी भाऊजींना का, हे सांगा.